जुन्नरचा अमात्य अयम



लेण्याद्री म्हटले की आपल्यापुढे अष्टविनायकांपैकी गिरिजात्मज उभा राहतो. जुन्नर शहराच्या उत्तरेस, कुकडी नदी ओलांडून गेल्यावर हा डोंगर लागतो. त्याच्या कड्यात ओळीने सुमारे तीस लेणी कोरलेली आहेत. सातव्या लेण्यात गणपतीचे मंदिर आहे. मुळात ते बौद्ध भिक्षूंचे राहण्याचे ठिकाण, म्हणजे विहार होते. मधल्या मोठ्या दालनाला एकही खांब नाही आणि भोवती भिक्षूंच्या लहान लहान खोल्या आहेत. त्याच्या शेजारचे सहावे लेणे म्हणजे चैत्यगृह, भिक्षूंचे प्रार्थनास्थळ. त्याच्या दर्शनी भागावर ब्राह्मी लिपीत एक ओळ कोरलेली आहे. कल्याणच्या हेरणिकाचा मुलगा सुलसदत्त याने हे चैत्यगृह दान दिले, असे ती सांगते. हेरणिक म्हणजे सोन्यानाण्याचा व्यवहार करणारा.

लेणी पांडवांनी एका रात्रीत कोरली, असे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. पण दगडावर नावे आहेत ती खऱ्या माणसांची. जुन्नरच्या भोवतालच्या डोंगरांत मिळून दोनशेच्या आसपास लेणी आहेत आणि त्यांतील कित्येकांवर दात्यांची नावे आहेत. त्यांत सोनार आहेत, धान्याचे व्यापारी आहेत, परदेशी यवन आहेत. त्यांतच एका मोठ्या सरकारी अधिकाऱ्याचे नाव आहे. त्याचे नाव अयम. शाळेच्या इतिहासाच्या पुस्तकात तो सहसा भेटत नाही. आजच्या अभ्यासासाठी आम्ही मुद्दाम त्यालाच निवडले आहे.

शिलालेख काय सांगतो

लेण्याद्रीवरून दक्षिणेकडे पाहिले तर जुन्नर शहराच्या पलीकडे मानमोडीचा डोंगर दिसतो. तेथील लेण्यांत अयमाचा लेख आहे. भाषा प्राकृत, म्हणजे आपल्या मराठीची आजी-पणजी, लिपी ब्राह्मी. लेख इतका लहान आहे की बसल्या जागी पाठ व्हावा. त्याचा आशय असा : राजा महाक्षत्रप स्वामी नहपान याचा अमात्य, वत्स गोत्राचा अयम, याने पुण्यार्थ दिलेले दान – एक पोढी आणि एक मंडप; वर्ष ४६ मध्ये केले.

त्यातले शब्द नीट पाहिले तर ते परके वाटत नाहीत. ‘देयधम’ म्हणजे देयधर्म, धर्मभावनेने दिलेले दान. ‘मटप’ म्हणजे मंडप. आपण लग्नाला घालतो तो मांडव त्याच शब्दाचा. ‘पोढि’ म्हणजे खडकात कोरलेले पाण्याचे टाके. लेण्यांचे अभ्यासक आजही त्याला पोढी म्हणतात. ‘वसे’ म्हणजे वर्षी. आणि ‘पुञथय’ म्हणजे पुण्यासाठी. दान का दिले, याचे कारण त्या एका शब्दात आले आहे.

भगवानलाल इंद्रजी आणि जेम्स बर्जेस यांनी पश्चिम भारतातील लेण्यांतील शिलालेखांचा संग्रह १८८१ मध्ये प्रसिद्ध केला. पंडित भगवानलाल हे मूळचे जुनागढचे. उन्हातान्हात डोंगर चढून त्यांनी असे शेकडो लेख उतरवून घेतले. अशा माणसांच्या कष्टांमुळे अयम आज आपल्याला ठाऊक आहे, हेही ध्यानात ठेवले पाहिजे.

अमात्य म्हणजे कोण?

अमात्य या शब्दाचा अर्थ आपण ‘मंत्री’ असा करतो, आणि शिवाजी महाराजांच्या अष्टप्रधानांतील अमात्य आपल्याला आठवतात. पण दोन हजार वर्षांपूर्वीच्या दख्खनमध्ये अमात्य हा बहुधा राजाचा प्रत्यक्ष कारभार पाहणारा अधिकारी असे. आजच्या भाषेत सांगायचे तर त्याच्यात जिल्हाधिकाऱ्याचा आणि मंत्र्याचा थोडा थोडा अंश होता. नाशिकच्या लेण्यांतील लेख याची साक्ष देतात. सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णी गोवर्धन येथील आपला अमात्य विष्णुपालित याला लेखी आज्ञा पाठवतो की, अमुक गावातील दोनशे निवर्तने शेतजमीन भिक्षूंना द्यावी. काही वर्षांनी तेथे श्यामक नावाचा अमात्य दिसतो आणि पुढच्या राजाच्या काळात आणखी तिसराच. म्हणजे राजाची आज्ञा स्वीकारणे, जमीन मोजून देणे, नोंद ठेवणे ही अमात्याची कामे होती, आणि या जागेवर माणसे बदलत असत.

मुंबईजवळच्या कान्हेरीच्या लेण्यांतही एक अमात्य भेटतो. त्याचे नाव सतेरक. वासिष्ठीपुत्र सातकर्णीच्या राणीचा तो विश्वासू अमात्य होता आणि त्याचे दानही पाण्याचे टाकेच आहे. दोन वेगवेगळ्या राजवटींतील दोन अधिकाऱ्यांना दान देताना पाणीच सुचावे, याचा विचार आपण पुढे करू.

अयमाचा राजा

अयमाचा धनी नहपान हा क्षहरात कुळातील शक. त्याचे पूर्वज वायव्येकडून आले होते. माळवा, गुजरात, उत्तर कोकण आणि नाशिक-पुण्याचा प्रदेश त्याने आपल्या अमलाखाली आणला. सातवाहनांचा मुलूख त्याने बळकावला होता. जुन्नर त्यातच होते.

जुन्नरला एवढे महत्त्व का, हे नकाशा पाहिला की कळते. कोकणातील कल्याण बंदरातून निघालेला माल नाणेघाटाने सह्याद्री चढून जुन्नरला येई आणि तेथून पैठणकडे जाई. त्या काळी ग्रीक भाषेत लिहिलेले ‘पेरिप्लस’ नावाचे खलाशांचे मार्गदर्शक पुस्तक आज उपलब्ध आहे. भडोच बंदरात इटलीची मद्ये, तांबे, कथील, प्रवाळ आणि सोन्याचांदीची नाणी उतरत, तसेच राजासाठी चांदीची भांडी व उंची वस्त्रे येत, असे त्यात नमूद आहे. तेथील राजाचे नाव पुस्तकात थोडे बिघडलेले असले तरी तो नहपानच, असे बहुतेक अभ्यासक मानतात. कल्याणला चुकून आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जात, असेही त्यात म्हटले आहे. दोन सत्तांची चढाओढ अशी बंदरापर्यंत पोहोचली होती. या चढाओढीच्या घाटावर, नाणेघाटाच्या माथ्याजवळच्या बाजारपेठेत, आपण अयमाचा लेख वाचतो.

याच जुन्नरच्या लेण्यांत इरिल, चित आणि चंद अशा तीन यवनांची दाने आहेत. इरिलाने दोन पोढ्या दिल्या आणि चिताने भिक्षूसंघासाठी भोजनमंडप दिला. अयमाचे गोत्र वत्स, म्हणजे ब्राह्मण परंपरेतील. त्याचा राजा शक. दान ज्या लेण्यांत आहे ती बौद्ध भिक्षूंची. आजूबाजूचे दाते यवन, सोनार, वाणी. या सर्वांचे पाणी एकाच डोंगरातून येत होते.

जावई आणि अमात्य

नहपानाच्या राज्यातील आणखी एक दाता प्रसिद्ध आहे. त्याचा जावई उषवदात, दक्षमित्रेचा पती. नाशिकच्या दहाव्या लेण्यातील त्याचे लेख ऐसपैस आहेत. भडोच, दशपूर, गोवर्धन आणि आपल्या वसईजवळचे शूर्पारक, म्हणजे सोपारा, येथे त्याने धर्मशाळा बांधल्या. पारदा, दमणा, तापी, डहाणुका अशा नद्यांवर प्रवाशांना मोफत नावा ठेवल्या. तीन हजार कार्षापणे त्याने विणकरांच्या श्रेणींकडे ठेवली : दोन हजार एका श्रेणीकडे दरमहा शेकडा एक व्याजाने आणि एक हजार दुसरीकडे दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल काढायचे नाही, फक्त व्याज वापरायचे. त्यातून भिक्षूंना वस्त्रे मिळत. आजच्या विश्वस्त निधीचा हा पूर्वजच म्हणावा लागेल.

उषवदाताच्या लेखांशेजारी अयमाची ओळ ठेवली तर ती फार लहान दिसते. तरीही इतिहासाच्या दृष्टीने या लहान ओळीला मोठे मोल आहे. उषवदाताच्या लेखांतील वर्षे ४१, ४२ आणि ४५ ही आहेत आणि त्यांत नहपानाला ‘क्षत्रप’ म्हटले आहे. अयमाच्या लेखात वर्ष ४६ आहे आणि राजा ‘महाक्षत्रप’ आहे. म्हणजे नहपानाने शेवटी वरचे पद धारण केले होते, हे आपल्याला अयम सांगतो. शिवाय नहपानाच्या काळातील शेवटचे ज्ञात वर्ष हेच. त्याची सत्ता निदान तोवर टिकली होती, हे ठरवताना अभ्यासकांना मानमोडीच्या त्या टाक्यापाशी यावे लागते.

हे ४६ वर्ष इसवी सनाचे कोणते, याविषयी दोन मते आहेत. ते शक संवताचे धरले तर इसवी सन १२४ येते. ते नहपानाच्या स्वतःच्या राज्याचे वर्ष धरले तर तो पहिल्या शतकात, पेरिप्लसच्या काळाजवळ जातो. अलीकडे अनेक अभ्यासकांचा कल या दुसऱ्या मताकडे आहे.

वर्ष ४६ नंतर

त्यानंतर फार काळ लोटला नाही. गौतमीपुत्र सातकर्णीने नहपानाचा पराभव केला. त्याची आई बलश्री हिने नाशिकच्या तिसऱ्या लेण्यात कोरविलेल्या लेखात, आपल्या मुलाने क्षहरात वंश निःशेष केला असे अभिमानाने म्हटले आहे. १९०६ मध्ये नाशिक जिल्ह्यात जोगळटेंभी येथे तेरा हजारांहून अधिक चांदीची नाणी सापडली. ती नहपानाची, पण त्यांतील नऊ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला ठसा पुन्हा मारलेला होता. जुन्या राजाच्या चेहऱ्यावर नव्या राजाची खूण. सत्तांतर कसे असते हे याहून स्पष्ट कोण सांगणार?

अशा वेळी अमात्यांचे काय होत असेल, याची कल्पना करता येते. कोणी मारले जातात, कोणी पळून जातात, कोणी नव्या धन्याची चाकरी पत्करतात. पण अयमाच्या बाबतीत यांपैकी एक निवडून गोष्ट रचायची आम्ही तरी इच्छा करणार नाही. तत्त्वज्ञानाचा पहिला धडा असा आहे की प्रत्यक्ष, अनुमान आणि कल्पना या तिन्हींना वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवावे. लेखातील शब्द हे प्रत्यक्ष. अयम हा अधिकारपदावरचा आणि स्वतःच्या पैशाने दान करण्याइतका सधन होता, हे अनुमान. त्याच्या मनात राजाविषयी काय होते, तो जुन्नरच्या वाड्यात कसा राहत होता, ही कल्पना. दिवंगत माणसाविषयी बोलतानाही खोटी साक्ष देऊ नये, ही आज्ञा लागू असते.

रोमचा एक सिनेटर

हीच गोष्ट रोमन साम्राज्यातील उदाहरणाने अधिक स्पष्ट होईल. अयमाच्या काळाच्या आसपास रोमच्या सिनेटमध्ये सुमारे सहाशे सभासद असत. सभासद होण्यासाठी दहा लाख सेस्टर्स नाण्यांची मालमत्ता लागे. तरुण प्रथम खजिन्याचा अधिकारी होई, मग न्यायाधिकारी, मग प्रांताचा अधिपती किंवा कॉन्सल. आणि ही सारी पदे क्रमाने पुतळ्याच्या चौथऱ्यावर वा थडग्यावर कोरली जात. कितीतरी सिनेटर आज केवळ अशा पदांच्या यादीमुळे माहीत आहेत.

त्यांपैकी एक आपल्या ओळखीचा आहे. प्रेषितांच्या कृत्यांच्या अठराव्या अध्यायात करिंथ येथे संत पौलाला गल्लियो नावाच्या प्रांताधिपतीपुढे उभे करतात. हा तुमच्या धर्मशास्त्राचा वाद आहे, मी त्यात पडणार नाही, या अर्थाचे उत्तर देऊन गल्लियो तक्रार काढून टाकतो. बस्स, बायबलमध्ये तो एवढाच येतो. तो तत्त्ववेत्ता सेनेका याचा सख्खा भाऊ. पुढे कॉन्सलही झाला. इसवी सन ६५ मध्ये सम्राट निरोने सेनेकाला मरायला लावले आणि त्यानंतर गल्लियोही वाचला नाही.

१९०५ मध्ये ग्रीसमधील डेल्फी येथील शिलालेखाचे तुकडे प्रसिद्ध झाले. सम्राट क्लॉडियसच्या त्या पत्रात गल्लियोचे नाव आहे आणि सम्राटाच्या बिरुदांवरून पत्राचा काळ इसवी सन ५२ च्या सुमाराचा ठरतो. त्यामुळे पौल करिंथला ५१-५२ च्या सुमारास होता हे कळले, आणि त्याच्या साऱ्या प्रवासांचा काळ ठरवायला एक भक्कम खुंटी मिळाली. गल्लियोला वाटले असेल की, आपण कॉन्सल झालो हे लोक लक्षात ठेवतील. आज जग त्याला आठवते ते एका सकाळी त्याच्यापुढे उभ्या केलेल्या तंबू शिवणाऱ्या कैद्यामुळे. अयमाच्या एका ओळीने नहपानाचा काळ धरून ठेवला आणि गल्लियोच्या एका ओळीने पौलाचा. आपले काम पुढे कोणाच्या कशा उपयोगी पडेल, हे त्या दोघांपैकी कोणालाही ठाऊक नव्हते.

पाणीच का?

आता सोडून दिलेल्या प्रश्नाकडे येऊ. जुन्नरच्या पश्चिमेला सह्याद्रीवर धो-धो पाऊस पडतो, पण तो चार महिन्यांत सारा वाहून जातो. फाल्गुन-चैत्रात डोंगरावर थेंब मिळणे कठीण. भिक्षू वर्षभर कड्यात राहणार तर पाणी कड्यातच साठवले पाहिजे. म्हणून कारागीर खडकात वर लहान तोंड आणि आत ऐसपैस पोकळी असे टाके कोरत. कड्यावरून ओघळणारे पाणी पन्हळींतून त्यात सोडत. तोंड लहान असल्याने ऊन आत शिरत नाही, पाणी कमी आटते, गार राहते. समोरच्या शिवनेरी किल्ल्यावरील गंगा-जमुना टाक्यांत आजही पाणी असते.

अयमाला आपला पुतळा उभारता आला असता, विजयाचा स्तंभ कोरून घेता आला असता. निदान आपण कोणकोणती पदे भूषविली याची यादी तरी देता आली असती. त्याने पद एका शब्दात सांगितले, राजाचे नाव रीतीप्रमाणे घेतले आणि पाण्याची व सावलीची सोय केली. पुढे राजा गेला, कुळ गेले, नाण्यांवर दुसरा ठसा उमटला. तहान मात्र सातवाहनांच्या राज्यातही तशीच लागत होती, आणि टाके कोणाच्या राज्यात कोरले गेले हे पाणी पिणारा विचारत नाही.

आपल्यातही पदे आहेत. कोणी नगरपालिकेत आहे, कोणी बँकेत, कोणी पोलीस खात्यात, कोणी धर्मग्रामाच्या मंडळावर. पद असते तोवर माणसे वाकून नमस्कार करतात आणि नावाच्या पाट्या लागतात. निवृत्तीच्या दुसऱ्या दिवशी पाटी उतरते. त्या खुर्चीत बसून आपण कोणासाठी ‘पोढी’ खोदली, हा प्रश्न मात्र उरतो. एखाद्या विधवेचे रखडलेले निवृत्तिवेतन मार्गी लावणे, शाळेच्या नळाला पाणी आणणे, गरिबाची फाईल टेबलाखाली न सरकवता टेबलावरून पुढे पाठवणे, ही आजची टाकी आहेत. दान स्वतःच्या पैशाचे असावे, हेही अयमाच्या लेखातून घेण्यासारखे आहे. ‘देयधम’ त्याचे स्वतःचे आहे, राजाच्या खजिन्याचे नव्हे.

शेवटी एक विनंती. सुट्टीत सहलीला जाल तेव्हा लेण्याद्रीच्या तीनशेच्या आसपास पायऱ्या चढून जाच; सवड असेल तर मानमोडीलाही जा. पण भिंतींवर नावे कोरू नका, मुलांनाही कोरू देऊ नका. खडूने, खिळ्याने ओढलेली एक रेघ दोन हजार वर्षांचे अक्षर पुसून टाकू शकते. टाक्यांत प्लास्टिकच्या बाटल्या टाकू नका. कोणीतरी पुण्यासाठी दिलेले ते पाणी आहे.

कुटुंबात चर्चेसाठी प्रश्न

१. आपल्या गावातील विहीर, शाळा, क्रूस किंवा प्रार्थनामंदिर कोणी बांधले, त्यांची नावे घरातील मुलांना माहीत आहेत का? नसतील तर वडीलधाऱ्यांना विचारून लिहून ठेवा.

२. आपल्याकडे जे पद किंवा जबाबदारी आहे, तिच्यामुळे कोणाची तहान भागते?

३. दिवंगत किंवा गैरहजर माणसाविषयी बोलताना पाहिलेले, तर्काने ताडलेले आणि नुसते कल्पिलेले यांत आपण भेद करतो का?